बारा नंबरची पेटी

१

पेटी उघडली तेव्हा मोजणीच्या ऑफिसातले पाच जण भोवती उभे होते. पाचही जणांनी आत वाकून पाहिलं, आणि मग एकमेकांकडे.

आत यंत्र नव्हतं. जाड कापडाच्या दोन पिशव्या होत्या, एक मोठी, एक लहान. दोन्हींत वाळू भरून तोंडं शिवून टाकलेली.

गेलेलं यंत्र साधंसुधं नव्हतं. थिओडोलाइट. डोंगरांचे, रस्त्यांचे, धरणाच्या भिंतींचे कोन मोजायची पितळी दुर्बीण. म्हातारी झाली होती, पण नव्या चकचकीत यंत्रांची चूक अजून तिच्यावरूनच पकडत. सागवानी पेटीवर पितळी पट्टी होती, तिच्यावर आकडा बारा. झाकणावरचं कागदी सील शाबूत होतं. आणि सीलवर ज्यांची सही होती, ते भांडारपाल अकरा दिवसांपूर्वीच सेवानिवृत्त झाले होते.

एरवी जे ऑफिस एका पंख्यासाठी सहा महिने फाइल फिरवायचं, त्यानं या वेळी आठवड्यात नोटीस काढली. यंत्राची किंमत तुमच्या ग्रॅच्युइटीतून आणि पेन्शनमधून का वसूल करू नये, याचा खुलासा करा. तोवर पेन्शन बंद.

"ताई, यांना चोर ठरवलं गं," भांडारपालांची बायको फोनवर रडत होती. "तू ये. तुझ्याशिवाय कोण आहे आम्हाला?"

ताई म्हणजे तिची थोरली बहीण. चौतीस वर्षं सरकारी खात्यांत चौकशी अधिकारी म्हणून काढलेली. वाचताना ओळीखाली पट्टी धरायची सवय, म्हणून सगळी खाती तिला 'फूटपट्टी बाई' म्हणत. वडील लवकर गेले. ताईनं नोकरी धरली, धाकटीला शिकवलं, तिचं लग्न लावलं आणि स्वतःचं करायचं राहून गेलं. राहून गेलं असं लोक म्हणत.

धाकटीचं मात्र सगळं झालं. नवरा असा की बायकोचा चष्मा सापडला नाही तर स्वतः खाटेखाली वाकणारा. घर असं की शेजारपाजारचे साखर मागायला येऊन दोन तास बसणारे. ताईच्या स्वतःच्या निरोप समारंभाला अकरा माणसं होती, त्यांतली चार बिस्किटांसाठी आलेली. मेहुण्यांच्या समारंभाला, म्हणे, हॉलमध्ये उभं राहायला जागा नव्हती.

त्यामुळे फोन कानाशी धरून ताई "रडू नकोस, मी येते" म्हणाली खरं. पण त्याआधी, अगदी आधी, तिच्या मनात दोन शब्द उमटून गेले होते.

बरं झालं.

२

"मी स्वतः पाहिलंय, ताई," मेहुणे म्हणाले. आठवड्याभरात माणूस अर्धा झाला होता. दाढीचे पांढरे खुंट, सदऱ्याचं एक बटण चुकलेलं. "निवृत्तीच्या दोन आठवडे आधी यंत्र साफसफाईला कार्यशाळेत गेलं होतं. कारागिरानं ते माझ्या डोळ्यांदेखत पेटीत ठेवलं, झाकण लावलं, सीलची कागदी पट्टी चिकटवली. मी तिथेच सही केली. त्यानंही केली."

ताईनं पेन खाली ठेवलं. "तुम्ही हे असंच चौकशीत सांगणार?"

"खरं तेच सांगणार ना!"

"मग कारागीर सुटला. सील लावताना यंत्र आत होतं आणि सील मोडलेलं नाही. म्हणजे राहिलं कोण? ज्यांच्या ताब्यात भांडाराच्या किल्ल्या, ते."

"अहो, थोडं गोल गोल सांगा ना मग," धाकटी कळवळून म्हणाली. "नीट दिसलं नाही म्हणा. डोळ्यांचा तसाही त्रास आहेच तुम्हाला."

"डोळ्यांचा आहे, जिभेचा नाही," मेहुणे म्हणाले. म्हणाले आणि उठून तिच्यासाठी पाणी घेऊन आले. तिनं मागितलंही नव्हतं.

ताईनं नजर वळवली. भिंतीवर निरोप समारंभाचा मोठा फोटो लावला होता. मधोमध मेहुणे, हातात भेटीचं घड्याळ. भोवती पन्नासेक माणसं, सगळी हसरी. अगदी उजव्या कडेला चौकटीनं कापलेलं कुणाचं तरी कोपर तेवढं आलं होतं.

"कार्यभार दिलात तेव्हा पेटी उघडून दाखवली नाही?"

"सीलबंद यंत्र उघडलं की पुन्हा सगळी तपासणी करावी लागते. मी पेटी उचलून नव्या भांडारपालाच्या पुढ्यात ठेवली, त्यानं आकडा वाचला, सील पाहिलं, यादीवर खूण केली. सगळं ऑफिस उभं होतं तिथं."

"उचलताना जड-हलकं काही वेगळं वाटलं?"

"तेच तर! छत्तीस वर्षं ती पेटी उचललीय मी. डोळे मिटून सांगितलं असतं. काही म्हणजे काही वेगळं नव्हतं."

त्यांनी कागदपत्रांची फाइल तिच्या हातात दिली. ताईनं सवयीनं फूटपट्टी काढली आणि ओळीखाली धरत एकेक कागद वाचला. नोटीस, कार्यभाराची यादी, समारंभाचं परिपत्रक. परिपत्रकाच्या एका ओळीवर पट्टी थोडी जास्त वेळ थांबली.

"भांडारपाल व इतर एक यांचा निरोप समारंभ," तिनं मोठ्यानं वाचलं. "हा इतर एक कोण?"

"तो? आपला कारागीरच की. तोही त्याच दिवशी निवृत्त झाला. एकाच महिन्यात लागलो होतो आम्ही."

३

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, ताई मोजणीच्या ऑफिसात गेली. चौकशीला सामोरं जाणाऱ्या माणसाला मदतीला एक निवृत्त कर्मचारी घेता येतो, तसं पत्र तिनं साहेबांपुढे ठेवलं.

"सही त्यांची आहे, बाई. आणखी काय हवं?" साहेब म्हणाले.

"सही सीलवर आहे, वाळूवर नाही. आणि पेन्शन कशी थांबवलीत?"

"सरकारचं नुकसान झालंय."

"नुकसान झालंय ही एक गोष्ट. ते यांनी केलंय ही दुसरी. गंभीर निष्काळजीपणानं केलंय ही तिसरी. तिन्ही चौकशीत सिद्ध झाल्यावर पेन्शनला हात लावायचा. तोवर तात्पुरती पेन्शन द्यावीच लागते. ती साहेबांनी खुशीनं दिलेली बक्षिसी नसते, माणसानं राबून मिळवलेली असते."

साहेबांनी टेबलावरचा कागद उगाच सरळ केला. "तुम्हाला सांगतो, मी केबिनबाहेर आलो की लोक फायलीत डोकी घालतात. ते भांडारपाल आले की खुर्च्या पुढे करत. साहेब मी होतो की ते, हेच मला कळायचं नाही."

एवढं बोलल्यावर आपण काय बोललो ते त्यांच्या लक्षात आलं आणि त्यांनी घाईनं घंटी वाजवली.

नव्या भांडारपालाला ऑफिसात 'उद्याचा' म्हणत. आठ वर्षं तो उद्याचा भांडारपाल म्हणून वाट बघत बसला होता. मध्ये मेहुण्यांना एक वर्ष मुदतवाढ मिळाली, तेव्हा त्यानं तीन दिवस डबा उघडला नव्हता म्हणे.

"माझा राग होताच त्यांच्यावर, नाही कशाला म्हणू?" तो म्हणाला. "पण कार्यभार घेताना पेटी उघडा म्हटलं असतं तर अख्ख्या ऑफिसात मीच वाईट ठरलो असतो. त्यांच्यावर अविश्वास दाखवायचा म्हणजे काय! आणि खरं सांगू का, मला ती पेटी उचलतसुद्धा नाही." त्यानं सदरा वर करून कमरेचा पट्टा दाखवला.

त्यानं वाळूच्या पिशव्या होत्या तशा पेटीत ठेवल्या. मोठी तळाशी, लहान वरच्या डाव्या कोपऱ्यात. ताईनं दोन्ही हातांनी पेटी जेमतेम उचलली.

"डावीकडे कलते ही."

"ती पहिल्यापासून तशीच कलते. दुर्बीण त्या बाजूला असते ना. तिला उचलायची म्हणजे डावा हात घट्ट लागतो, असं सगळे सांगतात."

यंत्र घेऊन पळणाऱ्या चोरानं वाळू भरली असती, विटा भरल्या असत्या. पेटी पूर्वीसारखीच कलावी म्हणून दोन वेगळ्या वजनांच्या पिशव्या कशाला शिवत बसेल? तिनं खाली वाकून बारा आकड्याची पितळी पट्टी पाहिली. पट्टी जुनी, हिरवट पडलेली. तिचे दोन स्क्रू मात्र खाचेत चमकत होते.

"कार्यशाळा बघायचीय मला."

कार्यशाळा बंदच होती. नवा कारागीर अजून नेमला नव्हता. उद्याच्यानं कुलूप काढलं. हत्यारं भिंतीवर उंचीप्रमाणे लावलेली, टेबलावर धुळीचा पातळ थर. कागदांच्या गठ्ठ्यावर वजन म्हणून पितळेचा एक गोल, तीन पायांचा तुकडा ठेवला होता. ताईनं तो उलटा केला. खाली आकडा कोरला होता. अकरा.

"हे काय?"

"यंत्राची बैठक. अकरा नंबरच्या. बाराचं जुळं भावंड होतं ते, एकदमच विकत घेतलेली दोन्ही. अकरा वर्षांपूर्वी एका टेकडीवरून पडलं. मग कारागीर त्याचेच भाग काढून काढून बाराला लावायचा. उरलेलं गेल्या वर्षी भंगारात काढलं." त्यानं मागच्या पडवीकडे बोट दाखवलं. तिथे मोडक्या खुर्च्या, गंजलेले खांब आणि एक सागवानी पेटी रचून ठेवली होती. "सोमवारी दहाला लिलाव. एकदा ती अडगळ गेली की सुटलो."

४

शनिवारी संध्याकाळी ताई धाकटीच्या जेवणाच्या टेबलावर वही उघडून बसली होती. मेहुणे स्वयंपाकघरात भाजी चिरत होते. धाकटी समोर बसून ताईच्या तोंडाकडे बघत होती. दोन दिवस तिचं तेच चाललं होतं. ताई, तुला चहा देऊ? ताई, तुला उशी देऊ? सगळ्या जन्मात धाकटीनं तिची इतकी वाट पाहिली नव्हती, आणि ताईला ते आवडत होतं. आवडतंय हेही तिला कळत होतं.

"तुला नाही कळायचं गं," धाकटी मध्येच म्हणाली. "तुझं बरंय. एकटा जीव, कुणाची काळजी नाही, पहिल्या तारखेला पेन्शन हातात."

तिच्या मनात काही नव्हतं. तिच्या मनात कधीच काही नसायचं. ताईला ते शब्द जिथे लागायचे तिथे लागले.

"मेहुणे," तिनं हाक मारली, "त्या दिवशी कार्यशाळेत तुम्ही सह्या किती केल्यात?"

मेहुणे विळी सोडून दाराशी आले. "दोन. एक बाराच्या सीलवर, एक अकराच्या. लिलावात जायची पेटीसुद्धा सीलबंद करायची असते."

"सीलवर पेटीचा आकडा लिहिता?"

"नाही. सही आणि तारीख. आकडा पेटीवर असतोच."

"आणि अकराच्या पेटीत काय होतं?"

"भंगार ते, ताई! झाकण लावलेलंच होतं. त्यात काय बघायचं?"

मेहुणे भाजीकडे परतले. ताई फूटपट्टीच्या कडेवर बोट फिरवत बसली. अकरा नंबरचं जे काही उरलं होतं ती बैठक. ती कार्यशाळेत कागदांवर ठेवलेली. मग अकराच्या सीलबंद पेटीत आहे काय? तिची नजर भिंतीवरच्या फोटोवर गेली. उजव्या कडेचं ते कोपर. पन्नास माणसं, एक घड्याळ, आणि परिपत्रकातलं 'व इतर एक'.

सगळं एका ओळीत आलं. फूटपट्टी लावल्यासारखं.

"कळलं का गं काही?" धाकटीनं तिचा हात धरला. हात गार होता.

ताईनं वही मिटली.

"नाही," ती म्हणाली.

५

रात्रभर तिला त्या 'नाही'नं झोपू दिलं नाही. रविवारी सकाळी ती कुणाला न सांगता बाहेर पडली आणि कारागिराचं घर शोधून काढलं.

दोन खोल्या. एकटा माणूस. बायको जाऊन सहा वर्षं झालेली. खिडकीशी टेबल, त्यावर कुणाकुणाची बंद पडलेली शिलाई यंत्रं, रेडिओ. हत्यारं इथेही उंचीप्रमाणे लावलेली. बोटं लांब आणि स्वच्छ. त्यानं खुर्ची पुसून दिली.

"मी काय सांगणार, बाई? यंत्र पेटीत ठेवलं ते त्यानं पाहिलं. विचारा त्याला."

"विचारलं. तेही तेच सांगतात. आणि ते खोटं बोलत नाहीत." ताईनं पदर सावरला. "म्हणूनच मला वेळ लागला. यंत्र पेटीत गेलं हे खरं. सील मोडलं नाही हेही खरं. मग खोटं काय उरलं? आकडा. जुळ्या यंत्रांच्या जुळ्या पेट्या. तुम्ही त्यांच्यासमोर यंत्र बाराच्या पेटीत ठेवलंत. अकराच्या पेटीत आधीच वाळू भरून ठेवली होतीत, अगदी यंत्रासारखी कलेल अशी. ती अटकळ कुणाची असणार? साहेबांनी पेटीला कधी हात लावला नाही, नव्या भांडारपालाला ती उचलत नाही. मेहुण्यांनी दोन्ही सीलवर सह्या केल्या आणि ते निघून गेले. मग तुम्ही चार स्क्रू काढलेत आणि बसवलेत. अकराचा आकडा बारावर, बाराचा अकरावर. यंत्र ऑफिसातून बाहेर गेलेलंच नाही. ते भंगारात पडलंय."

कारागीर खिडकीबाहेर बघत होता. "सगळ्या तुमच्या कल्पना."

"अकराची बैठक तुमच्या टेबलावर राहिली."

तो हलला नाही. चौकशीत अशा वेळी ती पुढचा प्रश्न विचारायची. आज तिनं तसं केलं नाही.

"धाकटीचा फोन आला, नवऱ्याला चोर ठरवलं म्हणून," ती म्हणाली. "तेव्हा माझ्या मनात पहिलं काय आलं सांगू? बरं झालं. सख्खी बहीण आहे माझी. मी तिची वेणी घातलीय लहानपणी. काल मला सगळं कळलं आणि तिनं विचारलं तर मी नाही म्हणाले. अजून एक दिवस तिनं माझ्या मागे मागे फिरावं म्हणून. आता बोला."

कारागिरानं तिच्याकडे पहिल्यांदा नीट पाहिलं.

"एकाच महिन्यात लागलो आम्ही," तो हळूच म्हणाला. "बाहेरगावची पथकं यायची, यंत्र अचूक निघालं की त्याची पाठ थोपटायची. भांडार कसं ठेवलंय म्हणून. यंत्र अचूक का आहे, कुणी विचारलं नाही. मी त्याच्यासमोर उभा असायचो. तो चांगला आहे हो. तेच तर! वाईट असता तर दोन शिव्या देऊन मोकळा झालो असतो. परिपत्रक लागलं. व इतर एक. तीन दिवस त्या फळ्यासमोरून जात होतो."

"आणि मग?"

"मला फक्त कार्यभार देताना पेटी उघडली जायला हवी होती. सगळ्यांसमोर. वाळू निघाली असती, त्याच्या तोंडाचा रंग उडाला असता. मग मीच हसत पुढे झालो असतो, आकडे बदलून दाखवले असते. एवढंच! मला वाटलं, तेव्हा तरी सगळे माझ्याकडे बघतील." तो पुन्हा खिडकीकडे वळला. "कुणी उघडलीच नाही, बाई. इतका विश्वास त्याच्यावर. झाकणसुद्धा कुणी उघडलं नाही."

"नंतर उघडली तेव्हा का नाही बोललात?"

"पेन्शन जाईल म्हणून. तेवढीच आहे मला."

"उद्या दहाला लिलाव आहे. मी ती पेटी उघडायला लावणारच. पण मी सांगणं वेगळं आणि तुम्ही येऊन सांगणं वेगळं. यायचं की नाही, तुमचं तुम्ही ठरवा."



६

सोमवारी दहा वाजले. पडवीत भंगारवाले जमले. साहेब खुर्चीत, उद्याचा यादी घेऊन उभा. ताईनं मेहुण्यांना आणि धाकटीला बरोबर आणलं होतं. वाटेत तिनं त्यांना सगळं सांगितलं. शनिवारचं 'नाही' मात्र सांगितलं नाही.

कारागिराचा पत्ता नव्हता.

"साहेब, ती पेटी उघडा," ताई म्हणाली.

"सीलबंद भंगार उघडायला वरून आदेश लागतो. तुम्हाला नियम माहीत असतीलच."

"माहीत आहेत. विकलेला माल परत येत नाही हेही माहीत आहे."

"खुर्च्या सगळ्या मिळून बोला," उद्याच्यानं ओरडून सुरुवात केली. खुर्च्या गेल्या. खांब गेले. सव्वादहा. धाकटीनं नवऱ्याचा हात घट्ट धरला होता.

"एक लाकडी पेटी, आतल्या सामानासकट."

एका भंगारवाल्यानं पायानंच पेटी थोडी सरकवली आणि आकडा सांगितला. दुसऱ्यानं वाढवला. ताई पेटीच्या आणि त्यांच्या मध्ये जाऊन उभी राहिली. साहेब लाल होऊन उठले, एवढ्यात फाटकातून कुणीतरी ओरडलं.

"पाय लावू नका तिला!"

कारागीर धावत आला होता. इस्त्रीचा सदरा घामानं भिजलेला, हातात स्क्रू काढायचं हत्यार. त्यानं कुणाकडे पाहिलं नाही. पेटीपुढे गुडघ्यांवर बसला आणि अकराची पितळी पट्टी काढून हातात घेतली. मग सील फाडलं. आत मऊ कापडात गुंडाळलेलं यंत्र होतं, नुकतं तेल दिल्यासारखं. बैठकीवर आकडा कोरलेला. बारा.



मेहुणे पुढे आले. त्यांनी आधी यंत्राला हात लावला, मग कारागिराच्या खांद्याला. "अरे, मला सांगायचंस की!"

"काय सांगायचं होतं?" कारागीर खालीच बघत म्हणाला. "माझाही समारंभ होता म्हणून?"

मेहुण्यांचा हात खांद्यावरून निघाला.

७

नुकसानच झालं नव्हतं, तेव्हा वसुलीचा प्रश्न मिटला. मेहुण्यांची पेन्शन मागच्या तारखेपासून सुरू झाली. फक्त चौकशीच्या अहवालात एक वाक्य आलं: भांडारपालांनी दुसरी पेटी न पाहता सही केली, ही हयगय होय. पेन्शनला त्याचा धक्का लागणार नव्हता, पण छत्तीस वर्षांच्या कोऱ्या सेवापुस्तकात तेवढा डाग पडला.

"ते तूच सांगितलंस त्यांना," धाकटी म्हणाली.

"विचारलं, तेव्हा सांगितलं."

"गाळता आलं असतं, ताई."

"मी सही केली होती ना?" मेहुणे म्हणाले. "मग राहू दे."

गाळता आलं असतं का, हे ताईनं स्वतःला पुष्कळदा विचारलं. नियमाप्रमाणे नसतं आलं. पण ते वाक्य वाचताना आत कुठेतरी जरा गार वाटलं होतं, ते नियमात बसत नव्हतं. आणि धाकटीनं आनंदानं गळ्यात पडून "तू होतीस म्हणून" म्हटलं, त्याच क्षणी मेहुणे बायकोच्या खांद्यावर शाल टाकत होते, तेही ताईला दिसलंच. जळणं काही संपलं नव्हतं. या वयात ते संपेल अशी आशाही तिनं सोडली.

आठवड्यानं कारागिराला नोटीस आली. गंभीर गैरवर्तन. पेन्शन संपूर्ण का रोखू नये?

धाकटी म्हणाली, भोगू दे. तिसऱ्या दिवशी मेहुणे ताईला म्हणाले, "त्याच्या बाजूनं उभं राहायला कुणी आहे का हो?"

"आहे," ताई म्हणाली. तिचं पत्र आदल्या दिवशीच गेलं होतं.

कारागीर दार उघडून तसाच उभा राहिला. "तुम्ही? मला पकडून दिलंत ते तुम्हीच ना?"

"हो. तुम्ही चूक केलीत, ती मी नाकारणार नाही. थोडी पेन्शन काही दिवस कापतील. पण सगळी घ्यायला बघतायत, ते होऊ द्यायचं नाही. तुम्ही स्वतःहून आलात आणि यंत्राला ओरखडा नाही, हे कागदावर यायला हवं." तिनं टेबलावरचा रेडिओ बाजूला केला, वही उघडली. "बसा. नोकरीला लागलात तो दिवस कोणता?"

"तो कशाला?"

"निवेदन तिथून सुरू करायचं असतं."

कारागीर बसला. थोडा वेळ हात चोळत राहिला. मग त्यानं तारीख सांगितली. त्या दिवशी पाऊण तास उशीर झाला होता, हे सांगितलं. पहिलं यंत्र दुरुस्तीला मिळालं त्याची काच तडकलेली होती आणि तशी काच कुठे मिळेना, म्हणून त्यानं दोन महिने रोज संध्याकाळी बसून स्वतः घासून बनवली होती. ती कशी घासायची, कितीव्या दिवशी पहिल्यांदा तिच्यातून दूरचं झाड सरळ दिसलं, हेही त्यानं सांगितलं. सांगता सांगता तो उठून उभा राहिला, हातांनी दाखवू लागला.

निवेदनाला यातलं काही लागणार नव्हतं. ताईनं सगळं लिहून घेतलं.

"मग?" तिनं विचारलं. "पुढे?"